साक्ष झाली, सुनावणी कधी?

उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्ट शहरात रंगवलेल्या चेहऱ्यांना कधीच तोटा नव्हता. फॉल्स रोडवर सेव्हस्टोपोल स्ट्रीटच्या कोपऱ्यावर एका इमारतीची अख्खी बाजू बॉबी सँड्सच्या हसऱ्या चेहऱ्याने व्यापलेली आहे. ब्रिटनपासून सुटण्यासाठी लढणाऱ्या आयआरए या सशस्त्र संघटनेचा तो माणूस, १९८१ साली तुरुंगात ६६ दिवस अन्न नाकारून गेला. तिथून चालत जाता येईल एवढ्या अंतरावर शँकिल रोडचा भाग लागतो. तिथल्या भिंती दुसऱ्या, ब्रिटनशी निष्ठा सांगणाऱ्या बाजूच्या. बुरखे घातलेले बंदूकधारी, त्यांच्या संघटनांची निशाणं, मेलेल्या साथीदारांची नावं. एका ओळीत बांधलेल्या विटांच्या घरांमधलं शेवटचं घर, त्याची कोरी बाजू, आणि त्या बाजूवर कुणीतरी. टॅक्सीत बसवून पर्यटकांना या भिंती दाखवण्याचा आता तिथे चांगला चालणारा धंदा आहे.

या भिंतींवर जे नाहीत त्यांच्याबद्दल मला लिहायचं आहे. ज्यांनी हातात काही घेतलं नाही, ज्यांच्या घरातलं माणूस सकाळी बाहेर पडलं आणि परत आलं नाही, त्यांना भिंत मिळत नाही. त्यांचे चेहरे मोठे करून शहरासमोर ठेवायला कॉलिन डेव्हिडसन नावाचा एक चित्रकार पुढे आला आणि त्याने आपलं काम चोख केलं. पुढचं काम त्याचं नव्हतं, सरकारचं होतं. ते झालं नाही, आणि होऊ नये म्हणून चक्क कायदाही करण्यात आला. माझं भांडण त्या सरकारशी आहे.

साठच्या दशकाच्या अखेरीपासून १९९८ पर्यंत उत्तर आयर्लंडमध्ये जे चाललं त्याला तिथले लोक 'ट्रबल्स' म्हणतात. शब्द फारच सौम्य आहे. एकीकडे ब्रिटनमध्येच राहू इच्छिणारे, बहुतांश प्रोटेस्टंट. दुसरीकडे उरलेल्या, स्वतंत्र आयर्लंड देशाशी जोडून घेऊ पाहणारे, बहुतांश कॅथलिक. मध्ये ब्रिटिश सैन्य. सुमारे १५ लाख वस्तीच्या टापूवरून पेटलेल्या या संघर्षात ३,५०० हून जास्त माणसं मारली गेली आणि ४०,००० हून जास्त जखमी झाली. मेलेल्यांपैकी निम्म्याहून अधिक साधे नागरिक होते. इतक्या छोट्या प्रदेशात एवढी माणसं गेली की दुःख गल्लीगल्लीत शिरतं, आणि ज्याने मारलं तो पुष्कळदा पुढच्याच गल्लीत राहत असतो.

१० एप्रिल १९९८ ला गुड फ्रायडे करार झाला. त्याच्याबद्दल माझ्या मनात आदरच आहे. त्या कराराने बॉम्ब थांबवले, मुलांना निर्धास्तपणे शाळेत जाता आलं. पण कुठल्याही तडजोडीत कुणाला तरी पदरमोड करावी लागते. इथे ती त्यांनी केली ज्यांचं आधीच सगळं गेलं होतं. करारानुसार दोन वर्षांत ४०० हून जास्त कैदी सुटले. त्यांनी ज्यांच्या बापाला, मुलाला, बहिणीला मारलं होतं त्या घरांनी टीव्हीवर तुरुंगाचे दरवाजे उघडताना पाहिले. पीडितांसाठी करारात मोजके परिच्छेद होते. भावना चांगल्या होत्या, यंत्रणा काहीच नव्हती.

कॉलिन डेव्हिडसन यांचा जन्म बेलफास्टमध्ये १९६८ सालचा. म्हणजे त्यांचं बालपण, शाळा, कॉलेज, पहिली नोकरी, सगळं त्या तीस वर्षांच्या आतच बसतं. ते चित्रकलेकडे आले डिझाइनच्या वाटेने. अल्स्टर विद्यापीठातून १९९१ साली पदवी घेऊन त्यांनी आधी ग्राफिक डिझाइनचं काम केलं आणि १९९९ पासून पूर्णवेळ चित्रं काढायला लागले. सुरुवातीला त्यांनी बेलफास्ट रंगवलं ते उंचावरून: छपरं, रस्ते, नदी, भोवतीचे डोंगर. मग दुकानांच्या काचा आल्या. आतल्या वस्तू आणि बाहेरचा रस्ता एकाच काचेत एकमेकांत मिसळलेले. २०१० च्या सुमाराला त्यांनी भलेमोठे चेहरे रंगवायला घेतले. त्यांच्या कामाचा हा प्रवास मला फार बोलका वाटतो. आधी डोंगरावरून शहर पाहणारा माणूस रस्त्यावर उतरला, काचेपाशी थांबला आणि शेवटी समोरच्या माणसाच्या तोंडाकडे पाहायला लागला. जखमी शहरात वाढलेल्या माणसाला एवढं जवळ जायला वेळ लागणारच.

चेहऱ्यांनी त्यांना नाव दिलं. बेलफास्टचा ड्यूक स्पेशल, आयर्लंडची राजधानी डब्लिन इथला ग्लेन हॅन्सर्ड हे गायक आधी आले. मग सीमस हीनी आणि मायकेल लाँगली हे कवी, नाटककार ब्रायन फ्रील, नट लियाम नीसन. ब्रॅड पिट त्यांच्यासमोर बसला. एड शीरनचं त्यांनी केलेलं चित्र लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत गेलं. २०१५ साली 'टाइम' साप्ताहिकाने अँगेला मर्केल यांना वर्षाची व्यक्ती ठरवलं तेव्हा मुखपृष्ठावर डेव्हिडसन यांचं चित्र होतं. पुढच्या वर्षी ब्रिटनच्या तेव्हाच्या राणीचं, दुसऱ्या एलिझाबेथचं, चित्र झालं. आज ते ज्या विद्यापीठात शिकले त्याचे कुलपती आहेत. एखाद्या व्यक्तिचित्रकाराने आयुष्यात याहून जास्त काय कमवावं?

पण त्यांचं खरं काम मी वेगळंच मानतो. २०१५ च्या जूनमध्ये बेलफास्टच्या अल्स्टर म्युझियममध्ये 'सायलेंट टेस्टिमनी', म्हणजे मूक साक्ष, या नावाने १८ चित्रांचं प्रदर्शन लागलं. त्यातलं एकही माणूस प्रसिद्ध नव्हतं. ट्रबल्समध्ये ज्यांचं कुणी गेलं, ज्यांचं शरीर निकामी झालं, अशी अठरा माणसं. त्यांच्यापर्यंत पोचायला वेव्ह ट्रॉमा सेंटर या तिथल्या मदतसंस्थेने हात दिला. डेव्हिडसन एकेकाला भेटले, त्यांच्याजवळ बसले, ऐकलं, रेखाटनं केली आणि मग रंगांकडे वळले. चित्रं पुढे पॅरिस, डब्लिन, डेरी असा प्रवास करत २०१८ साली न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या मुख्यालयातही गेली.

मी ती पाहिली २०२४ च्या डिसेंबरात, लंडनला मुलीकडे गेलो होतो तेव्हा. नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत. ही जागा कोणती ते सांगायला हवं, कारण त्याशिवाय त्या चित्रांचं तिथे असणं किती मोठी गोष्ट आहे ते कळणार नाही. १८५६ साली ही गॅलरी स्थापन झाली तेव्हा तिचा नियम असा होता की चित्र कसं आहे हे दुय्यम, ज्याचं चित्र आहे तो माणूस देशाच्या इतिहासात किती मोठा हे आधी पाहायचं. राजे, सेनापती, कवी, मंत्री. शंभराहून जास्त वर्षं तर राजघराण्यातलं जोडपं सोडलं तर जिवंत माणसाला तिथल्या संग्रहात जागाच नव्हती. मोठेपणाच्या मापाने माणसं मोजणाऱ्या त्या घरात ही अठरा माणसं भिंतीवर होती, आणि एकाच्याही नावावर ना पराक्रम ना पद.

दालनात शिरलो तेव्हा आधी आकारानेच थबकायला होतं. एकेक चित्र चार फुटांच्या आसपास उंच, आणि त्यात फक्त डोकं आणि थोडे खांदे. जवळ गेलो. अगदी हातभर अंतरावरून गाल म्हणजे हिरवट, करड्या, गुलाबी रंगाचे नुसते थर दिसतात. सुरीने ओढलेला रंग कडेला साचून त्याची धार तयार झालेली, मध्येच खरवडलेला भाग, तर कुठे ओघळ तसाच सोडलेला. कपाळ आहे की डोंगराचा कडा, कळू नये. दोन पावलं मागे सरकलो तशी हळूहळू त्या रंगाची कातडी झाली, कातडीला सुरकुत्या पडल्या, ओठ आवळलेले दिसायला लागले. आणि डोळे. बाकी चेहऱ्यावर रंग असा भिरभिरता, पण डोळ्यांशी हात शांत झालेला. ते डोळे आपल्याकडे पाहत नाहीत. अठरांपैकी कुणाचीही नजर पाहणाऱ्याला भिडत नाही. सगळे खाली, बाजूला, आत कुठेतरी. पोर्ट्रेट म्हटलं की नजरेला नजर अशी आपली सवय असते. इथे आपण त्या माणसाच्या नकळत त्याच्या दुःखाशी येऊन उभे आहोत असं वाटतं, आणि आवाज आपोआप बसतो.

प्रत्येक चित्राशेजारी एक कार्ड. त्यावर मोजकी वाक्यं: या माणसाचं कोण गेलं, कुठे, कधी. मराठीत व्यक्तिचित्र हा शब्द आपण रंगांतल्या चित्रालाही वापरतो आणि शब्दांतल्याही. इथे दोन्ही शेजारी-शेजारी टांगलेले होते. कार्डावर धर्म नाही, पक्ष नाही, आणि मुख्य म्हणजे कुणी मारलं तेही नाही. एका आईची मुलगी १९८२ च्या डिसेंबरात स्वतःचा वाढदिवस साजरा करायला बॅलीकेली गावच्या एका पबमध्ये गेली होती. तिथे बॉम्ब फुटला, सतरा माणसं गेली. एका बाईचा भाऊ सैन्यात होता. १९७४ च्या फेब्रुवारीत इंग्लंडमध्ये हमरस्त्यावर सैनिकांची आणि त्यांच्या कुटुंबीयांची बस स्फोटाने उडवली, त्यातल्या बारांमध्ये तो. एक माणूस असा की तो जन्मला तेव्हा त्याचा बाप बाळंतिणीला आणि बाळाला पाहून इस्पितळाबाहेर पडला आणि तिथेच त्याला गोळ्या घातल्या. ते बाळ आता चित्रातला पुरुष. बापापेक्षा जास्त वय झालेला मुलगा चित्रात बघणं मला जमेना, मी पुढे गेलो आणि पुन्हा मागे आलो.

एका चित्रापाशी मी सगळ्यात जास्त वेळ थांबलो. त्या बाईंची दृष्टी ऐंशीच्या दशकातल्या एका बॉम्बस्फोटात कायमची गेली. त्यांच्यासमोर बसून एक माणूस त्यांच्या चेहऱ्याचा इंच न् इंच पाहतो, महिनोन्महिने रंगवतो, ते चित्र देशोदेशी जातं, हजारो लोक त्यासमोर थांबतात, आणि ते कसं झालंय हे त्यांना कधीच दिसणार नाही. तरी त्या बसल्या. कुणीतरी आपल्याकडे नीट पाहावं, ही माणसाची भूक केवढी मोठी असते ते मला त्या चित्राने शिकवलं. शेजारी एक म्हातारे गृहस्थ कार्ड वाचत होते. वाचून झालं की चष्मा काढायचे, चित्राकडे बघायचे, पुन्हा चष्मा लावून पहिल्यापासून वाचायचे.

या कामावर आक्षेप घेणारे आहेत आणि त्यांचं म्हणणं ऐकायला हवं. एक आक्षेप असा की ज्या हाताने हॉलिवुडचे तारे आणि राणी रंगवली, त्याच हाताने, त्याच शैलीत पीडित रंगवले, म्हणजे दुःखही ब्रँड झालं. मला हे पटत नाही. उलट त्या माणसांसाठी काही वेगळी, खास केविलवाणी शैली वापरली असती तर ती दया ठरली असती. ब्रॅड पिटला जेवढा कॅनव्हास, जेवढा रंग, जेवढे तास, तेवढेच बॅलीकेलीच्या त्या आईला. राणीच्या चित्राला जो मान आहे तोच मान तिचाही आहे, हे इतक्या सरळपणे मी दुसरीकडे कुठे पाहिलेलं नाही.

दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे. सगळ्यांना एकाच मापाच्या चौकटीत, एकाच भिंतीवर, कुणी मारलं ते न सांगता टांगलं की जबाबदारी पुसली जात नाही का? उत्तर आयर्लंडमध्ये हा प्रश्न हळवा आहे. २००९ च्या जानेवारीत सरकारने नेमलेल्या एका सल्लागार गटाने सुचवलं होतं की ट्रबल्समध्ये मेलेल्या प्रत्येकाच्या कुटुंबाला १२,००० पौंड द्यावेत. प्रत्येक म्हणजे बॉम्ब लावताना मेलेल्याच्याही घरी. केवढा गदारोळ झाला! मारणारा आणि मेलेला एकाच तागडीत कसे तोलता, हा लोकांचा संताप होता, आणि तो रास्तच होता. ती सूचना बारगळली. पीडित म्हणायचं कुणाला यावरचा वाद अजूनही मिटलेला नाही.

तरीही चित्रांच्या बाबतीत मी डेव्हिडसन यांच्या बाजूने उभा राहीन. कोणी मारलं हे कार्डावर लिहिलं असतं तर बघणाऱ्याने आधी ते वाचलं असतं, मनात आपली बाजू ठरवली असती आणि मग चेहऱ्याकडे पाहिलं असतं. तिथला माणूस असाच घडलेला आहे: नावावरून, शाळेवरून, बोलण्याच्या ढंगावरून समोरचा कुठल्या बाजूचा ते दोन मिनिटांत ओळखणारा. चित्रकाराने ती दोन मिनिटं काढून घेतली. कॅथलिक प्रेक्षक नकळत प्रोटेस्टंट आईसाठी हळहळला, प्रोटेस्टंट प्रेक्षक कॅथलिक भावासाठी. हे साधायला जे गाळावं लागलं ते त्यांनी गाळलं. कोणी मारलं हे चित्रकाराने न सांगणं हा संयम आहे. पण तेच सरकारने न सांगणं ही लपवाछपवी आहे, आणि लोक या दोन गोष्टी एक समजायला लागलेत याची मला काळजी वाटते.

ती काळजी पोकळ नाही. १८ सप्टेंबर २०२३ ला ब्रिटनमध्ये ट्रबल्सच्या वारशाविषयीचा कायदा मंजूर झाला. त्या कायद्याने ठरवलं की नवे दिवाणी दावे बंद, आणि १ मे २०२४ नंतर त्या काळातल्या मृत्यूंच्या अपुऱ्या राहिलेल्या न्यायालयीन चौकश्याही बंद. एक नवा आयोग माहिती गोळा करेल, आणि जो माहिती देईल त्याला खटल्यापासून अभय मिळेल. आयर्लंडचं सरकार याविरुद्ध ब्रिटनला युरोपीय मानवाधिकार न्यायालयात घेऊन गेलं. उत्तर आयर्लंडमधल्या सगळ्या मोठ्या पक्षांनी कायद्याला विरोध केला. एरवी झेंडा कुठला लावायचा यावर हातघाईला येणारे पक्ष या एका गोष्टीवर एकत्र आले. फेब्रुवारी २०२४ मध्ये बेलफास्टच्या उच्च न्यायालयाने अभयाची तरतूद मानवाधिकारांशी विसंगत ठरवली. तरी १ मे उजाडला आणि चौकश्यांची दारं लागली. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात लंडनमध्ये 'मूक साक्ष' प्रदर्शन उघडलं. एकाच देशाने एकाच वर्षात साक्ष भिंतीवर लावली आणि कोर्टाचं दार बंद केलं.

कायद्याच्या बाजूने बोलणारे सगळेच काही निगरगट्ट नव्हते. त्यांचं म्हणणं होतं की पन्नास वर्षांपूर्वीच्या घटनांचे पुरावे उरलेले नाहीत, खटले उभे राहतात पण शिक्षा जवळजवळ होतच नाहीत, सत्तरी ओलांडलेल्या माजी सैनिकांना म्हातारपणी कोर्टात खेचलं जातं, आणि अभय दिलं तरच लोक खरं बोलतील. दक्षिण आफ्रिकेचं उदाहरण त्यासाठी पुढे केलं जायचं. पण दक्षिण आफ्रिकेत छळ आणि खून यांच्यासाठी माफी मागणाऱ्याला उघड सुनावणीत, सगळ्यांसमोर, काय केलं ते सांगावं लागत होतं, आणि पीडिताच्या घरच्यांना तिथे उभं राहून त्याला विरोध करायचा हक्क होता. बंद खोलीत आयोगापुढे जबाब देऊन सुटणं म्हणजे तसं नव्हे.

आणि पुरावे उरलेले नाहीत हे तरी खरं आहे का? इस्पितळाबाहेर ज्याच्या बापाला मारलं त्या मुलाची गोष्ट मी वर सांगितली. तो खून १९८१ चा. घटनास्थळी सिगारेटचं एक थोटूक सापडलं होतं आणि ते जपून ठेवलेलं होतं. पुढे तंत्र सुधारलं, त्या थोटकावरून डीएनए मिळाला आणि २०१३ साली, ३२ वर्षांनी, एक माणूस दोषी ठरला. गुड फ्रायडे करारामुळे त्याला प्रत्यक्षात जास्तीत जास्त दोन वर्षंच तुरुंगात काढावी लागणार होती. म्हणजे या कुटुंबांना कुणी आयुष्यभर तुरुंगात सडावं असं मिळणारच नव्हतं, मिळू शकत होतं ते एका न्यायाधीशाच्या तोंडून एक वाक्य, की हे याने केलं. तेवढंसं देणंही कुणाला जड वाटावं याचं मला वाईट वाटतं. डेरीच्या 'ब्लडी संडे'ला, ३० जानेवारी १९७२ ला, सैन्याने गोळ्या घालून मारलेल्या माणसांच्या घरच्यांना ते वाक्य ३८ वर्षांनी मिळालं. २०१० च्या जूनमध्ये चौकशीचा अहवाल आला आणि पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली. डेरीच्या चौकात त्या दिवशी घरच्यांच्या हातात मेलेल्यांचे फोटो होते. चेहरे आणि निकाल त्या दिवशी एकत्र आले.

आता राणीच्या चित्राकडे येतो, कारण माझ्या मते सगळ्या प्रश्नाचं मर्म तिथे आहे, आणि आपल्याशी त्याचा एक धागाही जुळतो. २७ ऑगस्ट १९७९ ला आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर मुलाघमोर इथे एका होडीत बॉम्ब फुटला. त्यात लॉर्ड माउंटबॅटन गेले. तेच, ज्यांच्या हातून १९४७ साली आपल्याकडे सत्तांतर झालं. राणीच्या यजमानांचे ते मामा. होडीत त्यांचा १४ वर्षांचा नातू होता, होडी सांभाळणारा १५ वर्षांचा मुलगा होता, दोघेही गेले. मुलीच्या सासूबाई दुसऱ्या दिवशी वारल्या. बॉम्ब आयआरएने ठेवला होता. २०१२ च्या जूनमध्ये बेलफास्टला राणीने मार्टिन मॅकगिनिस यांच्याशी हात मिळवला. एके काळचे आयआरएचे कमांडर, तेव्हाचे उपमुख्यमंत्री. २०१६ च्या नोव्हेंबरात लंडनमध्ये डेव्हिडसन यांनी केलेल्या राणीच्या चित्राचं अनावरण झालं तेव्हाही मॅकगिनिस तिथे उभे होते. चार महिन्यांनी ते वारले. त्या अर्थाने राणीचं चित्र हे 'मूक साक्ष'मधलं एकोणिसावं म्हणायला हरकत नाही. तिच्याही घरचं माणूस गेलेलं होतं.

हा समेट मोठा होता आणि मी तो मनापासून मानतो. पण तो समेट होण्याआधी काय झालं होतं ते विसरलं जातं. मुलाघमोरच्या स्फोटानंतर तीन महिन्यांच्या आत डब्लिनच्या न्यायालयाने बॉम्ब बनवणाऱ्याला जन्मठेप सुनावली. तो पुढे १९९८ साली करारानुसार सुटला, ते त्या कुटुंबाने सोसलं. पण सोसायला आधी काहीतरी हातात पडलेलं होतं: नाव, खटला, निकाल. कुणाला माफ करायचं आहे हे तरी त्यांना माहीत होतं.

आता अठरांतल्या आणखी एका माणसाकडे पाहा. त्यांचा भाऊ, भावजय आणि दोन तान्ह्या पुतण्या १७ मे १९७४ ला डब्लिनमध्ये गेल्या. संध्याकाळच्या गर्दीत शहरात तीन गाड्या फुटल्या, थोड्या वेळाने मोनहन गावात चौथी. एका दिवसात ३३ माणसं, ट्रबल्समधला सगळ्यात जास्त बळींचा दिवस. आजपर्यंत या स्फोटांसाठी एकालाही शिक्षा झालेली नाही. यूव्हीएफ या लॉयलिस्ट, म्हणजे ब्रिटनशी निष्ठा सांगणाऱ्या सशस्त्र संघटनेने १९९३ साली हे आपलं काम असल्याचं सांगितलं, पण त्यांना ब्रिटिश यंत्रणेतल्या कुणाची साथ होती का हा संशय कधी फिटला नाही. आयर्लंडमध्ये न्यायमूर्ती हेन्री बॅरन यांनी चौकशी केली. २००३ च्या अखेरीस आलेल्या त्यांच्या अहवालात ब्रिटिश सरकारकडून मूळ कागदपत्रं मिळाली नसल्याची नोंद आहे. आयर्लंडच्या संसदेने २००८, २०११ आणि २०१६ साली सर्वपक्षीय ठराव करून ती कागदपत्रं मागितली. ५० वर्षं उलटली. या भावाने कुणाशी हात मिळवायचा?

म्हणून चित्रांचं कौतुक करणाऱ्या मंत्र्यांचा, मुत्सद्द्यांचा मला त्रास होतो. ते दालनात येतात, गंभीर होतात, कलेच्या उपचारशक्तीबद्दल बोलतात. चित्रकाराने या माणसांना जे दिलं ते खरंच मोठं आहे, पण त्याने दिलं ते लक्ष. निकाल देणं त्याच्या हातात नव्हतं आणि त्याने तसा आवही आणला नाही. प्रदर्शनाला नावच साक्ष असं दिलं. साक्ष कुणीतरी नोंदवून घ्यायची असते, उलटतपासणी व्हायची असते, तिच्या आधारावर काहीतरी ठरायचं असतं. साक्ष ऐकून टाळ्या वाजवायच्या आणि घरी जायचं असं कुठल्या कोर्टात चालतं?

२०२४ साली आलेल्या लेबर सरकारने तो कायदा मोडीत काढायचं वचन दिलं आणि २०२५ मध्ये नवं विधेयक मांडलं. अभय जाईल, थांबलेल्या काही चौकश्या पुन्हा सुरू होतील असं दिसतं. हे पाऊल बरोबर दिशेचं आहे. पण माझी कसोटी एकच राहील: कागद बाहेर येतात का. नुसता आयोग बदलून, त्याला नवं नाव देऊन काही होणार नाही. सुरक्षेच्या नावाखाली कागद अडवून ठेवायची मुभा मंत्र्यांच्या हातात तशीच राहिली तर डब्लिनचा तो भाऊ आहे तिथेच राहील. माजी सैनिकांची काळजी असेल तर त्यांना वकील द्या, तब्येतीच्या सोयी द्या, घरून साक्ष द्यायची परवानगी द्या. कुणाचीही हरकत नसेल. आणि आयआरए असो, यूव्हीएफ असो, त्यांच्या जुन्या माणसांनाही तेच लागू करा. त्यांच्याकडेही सांगण्यासारखं पुष्कळ आहे, आणि भिंतींवरच्या त्या चित्रांमागे ते आजवर सोयीने लपलेले आहेत.

घाई एवढ्यासाठी की माणसं थकताहेत. २०१५ साली जे डेव्हिडसन यांच्यासमोर बसले ते तेव्हाच उतारवयाकडे झुकलेले होते. आईबाप आधी जातात, मग भावंडं, आणि ज्याने मारलं तोही जातो. मग उरतो तो कॅनव्हास.

त्या दिवशी मी गॅलरीतून बाहेर पडलो तेव्हा चार वाजून गेले होते आणि लंडनच्या डिसेंबरात असतो तसा अंधार पडला होता. ट्रॅफल्गार चौक ओलांडला की व्हाइटहॉलचा रस्ता सुरू होतो. डावीकडे थोडं पुढे संरक्षण मंत्रालय, उजवीकडे पंतप्रधानांच्या घराची गल्ली. ज्या सरकारकडे डब्लिनने तीनदा ठराव करून कागद मागितले, त्याच्या कचेऱ्या त्या अठरा चित्रांपासून चालत दहा मिनिटांच्या अंतरावर आहेत. खिडक्यांत दिवे लागलेले होते.